हेराची अकरा वाक्यं

माझा चेहरा तुम्ही कधी पाहिलेला नाही, आणि त्यात तुमचं काही नुकसान झालेलं नाही. आवाज मात्र ऐकला असणार. चौदा वर्षं मी एका परदेशी हेराचा आवाज होतो. तो सहा फुटांच्या वर, मी पाच फूट तीन इंच. तो विमानातून उडी मारायचा. मला स्टुलावर चढून बल्ब बदलायचा असला तर बायकोला खालून स्टूल धरावं लागतं. पडद्यावर तो ओठ हलवायचा आणि आपल्या भाषेतले शब्द माझ्या तोंडून निघायचे. आमच्या धंद्यात याला डबिंग म्हणतात. बायको याला बंद खोलीत दुसऱ्याच्या तोंडाने बोलणं म्हणते, आणि दाताच्या दवाखान्यात नावं नोंदवण्याचं स्वतःचं काम जास्त इभ्रतीचं मानते.

तर या हेराचे चित्रपट दर दोन वर्षांनी एक असे येत राहिले. पहिल्या सातांत मी बोललो. मला लवकरच वाटायला लागलं की लोक त्या नटाला नाही, मलाच बघायला येतात. फोन उचलला की मी हेराच्या आवाजात "बोला" म्हणायचो. गॅसवाला दोनदा फोन ठेवून पळाला.

या आवाजाची सगळे तारीफ करत. त्यात म्हणे एक दबलेला संयम आहे. तो कुठून आला ते मी आजवर कोणाला सांगितलं नव्हतं. पहिल्या चित्रपटाच्या पहिल्या दिवशी माझ्या पँटचा हुक तुटला. माईकसमोर उभा राहून डाव्या हाताने पोटाशी पँट धरून मी आठ तास बोललो. ती सुटू नये म्हणून श्वास बेताने घेत होतो. दिग्दर्शिका बाई काचेपलीकडून म्हणाल्या, "हाच! हाच आवाज ठेवा!" पुढचे सहा चित्रपट मी चांगली पँट घालूनही हात तिथेच ठेवून केले.

चौथा चित्रपट सर्वांत गाजला. त्यातल्या खलनायकाला जगातले सगळे दीपस्तंभ एकाच वेळी विझवायचे असतात. का, ते मला डबिंग करूनही कळलं नाही. शेवटी तो हेराला दीपस्तंभाच्या कठड्यावर उभं करतो आणि विचारतो, "तुला भीती वाटत नाही?" आणि हेर, म्हणजे मी, म्हणतो, "वाटते ना. पण सूट कडक इस्त्रीचा आहे, थरथरता येत नाही."

या एका वाक्यावर मी पंधरा वर्षं भाव खाल्ला. कोणाच्याही घरी गेलो की "ते वाक्य म्हणा ना" व्हायचं. मी आधी नको नको म्हणायचो आणि मग एका वाक्यावर न थांबता पूर्ण प्रसंग म्हणून दाखवायचो. बायको तेवढ्या वेळात चपला घालून दारात जाऊन उभी राहायची.

मग तो नट म्हातारा झाला आणि बदलला गेला. नव्या नटाला आवाजही नवा हवा, असं कंपनीने ठरवलं. मी शांतपणे स्वीकारलं, म्हणजे घरात दोन महिने कोणाला बोलू दिलं नाही. त्या दिवसांत एका संध्याकाळी धाकटा भाऊ आला. तो माझ्याहून नऊ वर्षांनी लहान, आणि माझ्यामुळेच या धंद्यात आलेला. पहारेकरी, वेटर, पहिल्या पाच मिनिटांत मरणारे लोक, हे त्याचं खातं. मी त्याला समोर बसवला आणि माझ्या जागी जो कोणी गाढव येणार होता त्याच्यावर तीन तास तोंडसुख घेतलं. तो तीन कप चहा प्यायला आणि "येतो दादा" म्हणून निघून गेला.

आठवा चित्रपट लागला तेव्हा मी पहिल्याच खेळाला गेलो, नाक मुरडायची सगळी तयारी करून. नव्या हेराने तोंड उघडलं आणि मी खुर्चीत ताठ झालो. तो माझा आवाज होता. क्षणभर मला खरंच वाटलं की हे मी कधीतरी केलं असणार आणि विसरलो असणार. बायको कानाशी म्हणाली, "अहो, तुम्ही मला सांगितलं नाहीत?" मग माझी ट्यूब पेटली. तीन रांगा मागे धाकटा बसला होता. मध्यंतरात मी त्याच्या अंगावरून, त्याच्या पायावर पाय देऊन बाहेर गेलो. सात वर्षं आम्ही बोललो नाही.

त्या सात वर्षांत मी कार्टूनमधलं एक कासव केलं आणि वॉशिंग मशीनच्या माहितीपत्रकाचं वाचन केलं.

आणि मग तो चित्रपट आला, जो हेराच्या घरच्यांना, म्हणजे मूळ कंपनीला, मान्य नव्हता. झालं असं की दीपस्तंभांची कथा मुळात दोघांनी मिळून रचलेली. त्यातला एक भांडून वेगळा झाला, कोर्टात गेला, आणि तेवढी एक कथा पुन्हा चित्रित करायचा हक्क जिंकून आला. त्याने सूड म्हणून त्याच म्हाताऱ्या नटाला पुन्हा उभं केलं. मूळ कंपनी या चित्रपटाचं नाव घेत नव्हती, आपल्या यादीत त्याला धरत नव्हती आणि तो कुठे चुकतो याकडे डोळ्यांत तेल घालून बघत होती. इथल्या वितरकाला जुन्या नटासाठी जुना आवाज हवा होता. फोन आला तेव्हा मी हेराच्या आवाजात "विचार करून सांगतो" म्हणालो आणि फोन ठेवायच्या आत हो म्हणून टाकलं.

काम सुरू झालं. स्टुडिओ तोच, भिंतींना तोच काळा फोम, काचेपलीकडे त्याच बाई. घड्याळ आणि चपला बाहेर काढून ठेवायच्या, कारण माईकला टिकटिक आणि करकर दोन्ही ऐकू येतात. पडद्यावर आमचा हेर धापा टाकत जिना चढत होता. डोक्यावर टोप होता आणि पोट आत ओढलेलं होतं. मला तो पूर्वीपेक्षा जास्त आवडला.

बाई म्हणाल्या, "कागदावर बघून बोला. संवाद नवीन लिहून घेतलेत."

मी म्हणालो, "बाई, हा माणूस ओठ कसा हलवतो ते मला त्याच्या बायकोपेक्षा जास्त माहीत आहे. मला कागद लागत नाही."

बहुतेक ठिकाणी मी कागद पाहिलाही. पण दीपस्तंभाचा प्रसंग आला. तोच नट, तोच कठडा, तोच प्रश्न. माझ्या तोंडून आपोआप जे बाहेर पडलं ते पंधरा वर्षांपूर्वीचं होतं. एक नाही, अकरा वाक्यं. ओठांवर ती अशी बसली की बाईंनी टाळ्या वाजवल्या, साउंडवाल्याने डोळे पुसले. त्या खोलीतल्या एकालाही शंका आली नाही, कारण तो जुना चित्रपट आम्हा सगळ्यांना तोंडपाठ होता. हेर या प्रसंगात दुसरं काही बोलू शकतो हेच कोणाच्या मनात आलं नाही.

काम संपता संपता माझा घसा बसला. डॉक्टरांनी नळी घालून पाहिलं आणि स्वरतंतूवर गाठ आहे म्हणाले. साधी होती, पण काढावी लागली. नंतर सहा आठवडे एक अक्षर बोलायचं नाही, कुजबुजायचंसुद्धा नाही. बायकोने लिहून पुसायची एक पाटी आणली, गळ्यात अडकवायला दोरीही लावली. ते सहा आठवडे तिचा रंग इतका उजळला की शेजारणी तिला क्रीमचं नाव विचारायला लागल्या.

पंधराव्या दिवशी बाई घरी आल्या, हातात वकिलाचं पत्र. मूळ कंपनीने नव्या चित्रपटाची झलक ऐकली होती, मग पूर्ण ध्वनिफीत मागवली होती. कथा त्या भांडखोराची असेल, पण इथल्या भाषेतले जुने संवाद आमचे आहेत, असं त्यांचं म्हणणं. खाली अकरा वाक्यांची यादी, मिनिट-सेकंदासकट. ती वाक्यं बदला, नाहीतर प्रदर्शन थांबवतो.

"आठ दिवस आहेत," बाई म्हणाल्या. "वाक्यं पुन्हा बोलायला हवीत, आणि तुम्हाला तर तोंड उघडायची बंदी. अकरा वाक्यं दुसऱ्या आवाजात घातली तर ठिगळ दिसेल. वितरक म्हणतोय, मग सगळा चित्रपटच दुसऱ्याकडून करून घेऊ. रेडिओवरचा एक जण तयार आहे."

हा माझा शेवटचा चित्रपट होता. ते मला कोणी सांगायची गरज नव्हती. जिना चढतानाची प्रत्येक धाप मी मन लावून टाकली होती. आता ती सगळी पुसली जाणार, तीही माझ्याच शहाणपणाने. कासव तेवढं मागे उरणार.

बायको म्हणाली, "एकच माणूस आहे."

मी पाटीवर लिहिलं, "नाही." मग पुसून मोठ्या अक्षरात लिहिलं. मग माझ्या डोक्यात दुसराच किडा वळवळला. अकरा वाक्यं सेकंदासकट ओळखणारा माणूस त्या कंपनीत दुसरा कोण असणार? धाकट्यानेच दाखवून दिली असणार! मी चपला घातल्या. बायको म्हणाली, "थांबा, मी पण येते. तुम्हाला भांडताही येणार नाही एकट्याला."

सात वर्षांनी त्याच्या घरी पाऊल टाकलं. त्याचे केस पांढरे झाले होते, तेही माझ्यासारखेच कानांपासून सुरू होऊन. माझ्या गळ्यातल्या पाटीकडे बघून तो म्हणाला, "वहिनी, माझा चष्मा सापडत नाहीये. तुम्हीच वाचा."

मी लिहिलं, "चुगलखोर."

बायकोने वाचलं, "कसा आहेस, विचारतायत."

मी लिहिलं, "भावाच्या पोटावर पाय देताना लाज वाटली नाही?"

बायको म्हणाली, "बऱ्याच दिवसांत गाठ पडली नाही, म्हणतायत."

मी तिच्याकडे डोळे वटारून पाहिलं. आयुष्यभर मी लोकांच्या तोंडी शब्द घातले, पण माझ्या तोंडी कोणी घालायची ही पहिलीच वेळ. मी पूर्ण पाटी भरून एकच शब्द लिहिला, जो इथे देत नाही.

"तुझी फार आठवण येते, म्हणतायत," बायकोने सांगितलं.

धाकटा खो खो हसायला लागला. "वहिनी, मला जवळचं दिसत नाही. लांबचं स्वच्छ दिसतं."

मग हसणं थांबलं आणि तो माझ्यासमोर खुर्ची ओढून बसला. "यादी मी दिलेली नाही. त्यांनी दोन्ही फिती शेजारी शेजारी वाजवल्या, झालं. आता गप्प बसून ऐक. तुला गप्प बसणं भागच आहे, म्हणून आज बोलतो. त्या संध्याकाळी मी तेच सांगायला आलो होतो. मला काम मिळालंय, तू नको म्हणालास तर सोडतो, एवढंच सांगायचं होतं. तू तीन तास बोललास, दादा. मी पाच वेळा तोंड उघडलं. शेवटी तू माझ्याच हातात कप देऊन म्हणालास, जो असेल तो गाढव. काय सांगणार होतो?"

मी पाटी उचलली. त्याने ती हातातून काढून घेतली आणि उलटी ठेवली.

"आणि मला का घेतलं माहीत आहे? मी तुझ्यासारखा बोलतो म्हणून. माझा स्वतःचा आवाज कसा आहे हे कोणी विचारलंच नाही. सात वर्षं तुझी नक्कल करतोय. प्रत्येक चित्रपट संपला की वाटतं, दादाला कसा वाटला असेल. आणि तू बघतच नाहीस."

मी बघत होतो. प्रत्येक चित्रपट, दुपारच्या खेळाला, टोपी घालून, एकटाच. हे बायकोलासुद्धा माहीत नव्हतं. सांगायला तोंड नव्हतं आणि पाटी त्याच्या मांडीवर होती. माझे डोळे भरून आले, आणि ते पुसताना दोरी चष्म्यात अडकली, म्हणजे रडणंही धड झालं नाही.

त्याने पाटी परत दिली. मी खडू धरावा तसं ते पेन धरलं. मग लिहिलं, "अकरा वाक्यं आहेत."

त्याने लांबूनच वाचलं. "माझ्या करारात आहे, दुसऱ्या कुठल्याही हेराला आवाज द्यायचा नाही. त्यातून हा, त्यांचा दुश्मन. कळलं तर मी घरी बसेन."

मी लगेच पुसलं. पुसताना जरा जोरातच पुसलं.

"पुसलंस कशाला?" तो म्हणाला. "कधी यायचं ते लिही."

तो सकाळी आठला आला, साउंडवाला आणि बाई सोडून कोणी नसताना. त्याने घड्याळ काढलं, चपला काढल्या, माईकसमोर उभा राहिला आणि माझ्यासारखाच डावा हात पोटाशी धरला. मी काचेमागे बसलो. बाईंनी सांगितलं, वाक्य बरोबर वाटलं तर अंगठा वर, नाहीतर खाली. मी पहिल्या वाक्याला सहा वेळा अंगठा खाली केला. त्यातले दोन कामासाठी होते, बाकीचे सात वर्षांचे. त्याला ते कळलं असावं, कारण सातव्या वेळी तो माझ्याकडे बघून हसत बोलला आणि तेच सर्वांत चांगलं झालं.

दहा वाक्यं झाली. ती माझीच होती. माझा बसका, वय झालेला आवाज त्याने धापेसकट उचलला होता. मग कठडा आला. नवा संवाद होता, "वाटते ना. पण आता तीही घरचीच झाली आहे." तो ते सारखं जुन्या चालीवर म्हणत होता. शब्द नवे, पण सूट इस्त्रीचाच. बाई कंटाळल्या. मी उठलो, काचेला पाटी लावली आणि वीस-एकवीस वर्षं लपवलेलं गुपित लिहिलं. "हात सोड. तो माझ्या तुटलेल्या हुकाचा आहे. पँट पडत होती."

त्याने वाचलं. पुन्हा वाचलं. मग तो माईकपाशीच खाली बसून इतका हसला की साउंडवाल्याच्या मीटरचे काटे लाल पट्ट्यात गेले. उठला तेव्हा दोन्ही हात मोकळे सोडलेले होते. खलनायकाने विचारलं, तुला भीती वाटत नाही? धाकटा थोडा थांबला. "वाटते ना," तो म्हणाला. "पण आता तीही घरचीच झाली आहे." हा आवाज मी कधी ऐकला नव्हता. माझ्यासारखाच, पण त्याला कशाचंच ओझं नव्हतं. माझा अंगठा माझ्याआधी वर गेला.

चित्रपट ठरल्या दिवशी लागला. दुपारच्या खेळाला आम्ही तिघं गेलो, बायको मधे. कठड्यावरचं वाक्य आलं आणि थिएटर शांत झालं, मग टाळ्या. बाहेर पडताना धंद्यातल्या लोकांनी मला घेरलं. एका जुन्या समीक्षकाने माझे दोन्ही हात धरले. "इतकी वर्षं तुम्ही हेराचं काम केलंत. त्या एका वाक्यात पहिल्यांदा माणूस बोलला." मला बोलायची बंदी होती आणि खरं सांगायचीही. मी मान झुकवून ती तारीफ खाल्ली. चार पावलांवर धाकटा पोस्टर वाचत उभा होता, आणि त्याचे कान लाल झाले होते.

सहा आठवडे संपले. डॉक्टर म्हणाले, बोला. बायको आणि धाकटा दोघं समोर बसले होते. मी बरीच तयारी केली होती, हेराच्या ढंगात काहीतरी म्हणायची. तोंड उघडलं तर एक खरखरीत, पातळ, फाटका आवाज बाहेर आला. डॉक्टर म्हणाले की हळूहळू सुधारेल, पण पूर्वीसारखा नाही. मी बाहेर येऊन बाकावर बसलो. मला फार वाईट वाटलं, ते उगाच लपवत नाही. पाच फूट तीन इंचाच्या माणसाकडे तेवढंच तर उंच होतं.

आता मी फक्त कासव करतो. बाई म्हणतात, कासव आधीपेक्षा कितीतरी खरं वाटतं. धाकट्याचं काम शाबूत आहे. कंपनीला कळलं नाही, आणि पुढच्या चित्रपटापासून तो हात सोडून बोलतो. मी टोपी न घालता जाऊन ऐकतो.

रोज सकाळी नऊला त्याचा फोन येतो. बायको मुद्दाम उचलत नाही, मलाच उचलायला लावते. पलीकडून तो आवाज येतो, ज्याच्यावर मी चौदा वर्षं मिजास केली, आणि विचारतो, "दादा, गोळी घेतलीस का?"

"घेतली," मी कासवाच्या आवाजात सांगतो. मग काहीतरी निमित्त काढून त्याला आणखी थोडा वेळ बोलत ठेवतो.